आवळीखाली सांडलेल्या वरणाबाबत

पोलीस ठाणे, नागपूर शहर
पुरवणी जबाब
दिनांक १२/११/२०२४, मंगळवार, सकाळी ११ वाजून १० मिनिटे

नाव : श्रीमती सुमती केशव चांदूरकर
वय : ६७ वर्षे
धंदा : निवृत्त टंकलेखक, न्यायालय
राहणार : घर क्रमांक ७, वनराई सोसायटी, नागपूर

मला आज कोणी बोलावलेले नाही. मी आपण होऊन आले आहे आणि महिला हवालदार गुंजन मॅडम यांच्यासमोर बसून सांगते ते असे की,

मी वरील पत्त्यावर मुलगा सुमंत, सून नूपुर आणि नात वेदिका, वय ७, यांच्यासह राहते. माझे पती केशव वनखात्यात नकाशे काढण्याचे काम करीत. ते २०१६ साली वारले.

मी एकतीस वर्षे कोर्टात टंकलेखन केले. असे जबाब किती टंकले याची गणती नाही. त्यामुळे जबाबात काय लिहितात आणि काय वगळतात हे मला चांगले ठाऊक आहे. दि. १० रोजी मी याच ठाण्यात अनंत वामनराव नेवारे यांच्याविरुद्ध तक्रार दिली, तेव्हा मीही तेच केले. ती तक्रार खोटी नाही, पण पुरी नाही. आज पुरी करते.

तक्रारीत मी असे लिहून दिले होते की, ‘झाडांवर औषध मारणारा इसम नावे अनंत याने दुपारी पाऊण वाजताच्या सुमारास सोसायटीच्या बागेत येऊन, आवळीच्या पूजेचे अन्न पायाने उडवून दिले, नैवेद्याचा अपमान केला व आमच्या भावना दुखावल्या. त्यास समजावून बाहेर काढण्यात आले.’ यातला शब्द न शब्द मी स्वतः सांगितला होता. मॅडमना टंकायला त्रास होऊ नये म्हणून स्वल्पविरामसुद्धा सांगितले होते.

आता जे वगळले ते सांगते.

आमच्या सोसायटीच्या बागेत भिंतीला लागून चिडाची, म्हणजे हिमालयातल्या पाइनची, तीन झाडे आहेत. माझ्या पतींनी १९८७ साली देहरादूनला खात्याच्या कामाने गेले असताना ती रोपे डालड्याच्या डब्यांतून रेल्वेने आणली होती. नागपूरच्या उन्हात चीड जगत नाही असे सगळ्यांनी सांगितले. ते म्हणाले, मीसुद्धा अमरावतीचा, मी जगलोच ना इथे. दोन उन्हाळे त्यांनी रोपांवर स्वतःच्या धोतराची सावली केली. झाडे तीन मजल्यांएवढी झाली. सोसायटीतली पोरे त्यांना क्रिसमसची झाडे म्हणतात. मी कितीदा सांगितले की चीड म्हणा, पण ऐकतील तर शपथ.

यंदा गणपतीनंतर तिन्ही झाडांच्या खोडावर पांढऱ्या राळेचे थेंब दिसू लागले. बुंध्याशी पिठासारखा भुसा पडे. एका झाडाचा शेंडा तांबडा झाला. सोसायटीच्या सभेत ठराव आला की झाडे पोखरली आहेत, पडतील, तोडून टाकावीत. मी म्हटले, माझ्या नवऱ्याला ताप आला तेव्हा मी डॉक्टर बोलावला होता, कुऱ्हाड नाही. तेव्हा सभेने मला दिवाळीनंतर पंधरा दिवसांची मुदत दिली.

रोपवाटिकेतल्या माणसाने मला अनंत नेवारे यांचे नाव सांगितले. ते मूळचे रामटेककडचे, आता पारडीला राहतात. वय सत्तेचाळीस. संत्र्याच्या आणि आंब्याच्या बागांत खोडकिडीवर औषध करण्याचे काम त्यांचे वडीलही करीत. ते येऊन झाडे पाहून गेले. खोडाला कान लावून बराच वेळ उभे राहिले. मी विचारले, काय ऐकू येतं? ते म्हणाले, ‘खाऊन राहिला हाये काकू, अजून आतच हाये. म्हंजे झाड मेलं नाही. मेलेल्याले कोन खातं?’ तेव्हाच मला हा माणूस पटला. हे मी पहिल्या जबाबात लिहिले नाही.

रविवार दि. १० रोजी आवळी नवमी होती. आमच्याकडे दरवर्षी त्या दिवशी बागेतल्या आवळीखाली सगळ्या सोसायटीचे जेवण असते. चूल तिथेच पेटते, रोडगे तिथेच भाजतात. आधी आवळीची पूजा, मग नैवेद्य, मग पहिली पंगत मुलांची. नैवेद्य होईपर्यंत कोणी जिभेवर मीठसुद्धा ठेवत नाही. पातेले मी सांभाळते, त्यामुळे हा नियम कडक आहे.

अनंत यांना दुसरा दिवस नव्हता म्हणून मीच त्यांना रविवारी सकाळी सात वाजता बोलावले आणि नऊच्या आत आटपा असे फोनवर सांगितले. ते म्हणाले, पानी लागंन. मी म्हटले, ड्रम भरून ठेवते. आदल्या दिवशी, शनिवारी, मी सुमंतला म्हटले, उद्याच्या स्वयंपाकाला ड्रम भरून ठेव, सकाळी नळ आठलाच जातो. सुमंतने बागेतला निळा ड्रम घासून भरला. एकच ड्रम. मी दोघांना एकच पाणी दिले आणि माझ्या लक्षात आले नाही. ही माझी पहिली चूक. ती मॅडमनी वेगळ्या ओळीत लिहावी.

अनंत सातला आले. खोडातल्या भोकांत तार घालून भुसा काढणे, औषधात भिजवलेला कापूस कोंबणे आणि वरून ओल्या मातीने बुजवणे, हे त्यांचे काम मी गच्चीवरून पाहिले. मग ड्रममध्ये औषध मिसळून त्यांनी दोन झाडांच्या आळ्यांत ते पाणी सोडले. औषधाच्या बाटलीवर पिवळा त्रिकोण आहे, म्हणजे जहाल विष. त्या औषधाला म्हणावा असा वास नाही आणि पाण्यात पडले की पाणी पाण्यासारखेच दिसते. हे मला आता माहीत आहे. तेव्हा मी गच्चीवरून खाली उतरून पुरण वाटायला गेले होते.

तिसऱ्या झाडाची भोके उंचावर निघाली. शिडी आणायला अनंत नऊच्या सुमारास लकडगंजला आपल्या ओळखीच्या माणसाकडे गेले. जाताना त्यांनी उरलेल्या ड्रमच्या तोंडावर लाल कापड बांधले आणि वर वीट ठेवली. त्यांच्याकडे औषधाच्या भांड्यावर लाल चिंधी बांधायची रीत आहे. त्यांची जुनी चिंधी फाटली होती म्हणून त्यांच्या पत्नी जिजाबाई यांनी ओटीत आलेला ब्लाऊजपीस फाडून दिला होता. नवा कोरा, लालभडक, काठाला बारीक जरीची रेघ.

दहा वाजता मी बागेत गेले. अनंत दिसले नाहीत, काम आटपून गेले असे मी धरले. नळ गेलेला. ड्रमच्या तोंडाला नवे लाल कापड बांधलेले पाहून मला वाटले, नूपुरने पूजेचे पाणी म्हणून झाकून ठेवले आहे आणि आवळीला नेसवायचे वस्त्रही सोबतच ठेवले आहे. मला सुनेचे कौतुक वाटले. मी मनात म्हटलेसुद्धा, शिकली हो शेवटी. मी वीट बाजूला केली, कापड सोडले, झटकले, हळदीकुंकू लावले आणि आवळीच्या खोडाला बांधले. मग त्याच ड्रममधून पाणी काढून वरणाची डाळ शिजायला ठेवली, भात ठेवला, वांगी चिरून त्याच पाण्यात टाकली. हे सर्व मी केले. दुसऱ्या कोणी ड्रमला हात लावला नाही. ही माझी दुसरी चूक. मॅडम विचारत आहेत की हे असेच लिहायचे का. असेच लिहा.

पाऊण वाजता पहिली पंगत बसली. चौदा मुले होती. वेदिका कडेला बसली होती कारण तिला आवळीचे पान आपल्या ताटात पडायला हवे होते. जेवताना ताटात पान पडले की वर्षभर दुखणे येत नाही असे आमच्याकडे मानतात. नूपुरला सहावा महिना आहे, म्हणून तिलाही मुलांच्याच पंगतीत बसवले होते. वरणभात वाढून झाला होता. मी नैवेद्याचे ताट घेऊन आवळीकडे निघाले होते.

तेवढ्यात अनंत खांद्यावर शिडी घेऊन फाटकातून आले. तिसऱ्या झाडाकडे जाताना त्यांचे लक्ष उघड्या ड्रमकडे गेले. मग आवळीकडे गेले. त्यांनी शिडी टाकली आणि पळत आले. तोंडाला त्यांनी दुपट्टा गुंडाळलेला होता, त्यातून ओरडले. मला एवढेच कळले, ‘खाऊ नका, कोनी चाखलं काय, चाखलं काय कोनी?’ मी म्हटले, नैवेद्याआधी आमच्याकडे कोणी चाखत नसतं, बाजूला व्हा. शब्द असे होते. आवाज कसा होता ते लिहिता येत नाही, पण तो मी कामवाल्यांसाठी ठेवलेला आवाज होता.

ते बाजूला झाले नाहीत. त्यांनी वरणाच्या गंजाला लाथ घातली. मग भाताच्या. मग भाजीच्या. मुलांची ताटे एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पायाने उलटवत गेले. गाईसाठी काढलेला घास पानावर होता, तोही पायाने उडवला. माझ्या हातातल्या ताटाला खालून गुडघा मारला. शेवटी ड्रमला अंगाचा धक्का देऊन तो आडवा केला. दोन्ही हात त्यांनी पूर्ण वेळ वर धरले होते. हात वर धरलेले मी पाहिले होते. मला वाटले, माजला आहे.

‘त्यास समजावून बाहेर काढण्यात आले’ असे मी लिहिले होते. समजावले म्हणजे माझा मुलगा सुमंत याने त्यांना दोन थपडा मारल्या आणि आणखी दोघांनी ओढत फाटकापर्यंत नेले. कोर्टात असताना ‘समजावले’ हा शब्द टंकताना मला दर वेळी हसू यायचे. परवा तो माझ्याच तोंडून निघाला आणि मला हसू आले नाही. सुमंत बाहेर बाकावर बसला आहे. तो आपला जबाब वेगळा देईल.

थप्पड बसल्यावर अनंत बोलायचे थांबले. त्यांनी एकदा आवळीला बांधलेल्या कापडाकडे पाहिले, एकदा माझ्या बोटांवरच्या हळदीकुंकवाकडे. मला वाटले, ओशाळला. त्यानंतर फाटकापर्यंत आणि पुढे इथे ठाण्यातही ते एवढेच म्हणाले की रागाच्या भरात झाले, चूक झाली. त्यांना नोटीस देऊन सोडल्याचे मला संध्याकाळी कळले. मी समाधानाने झोपले. हेही लिहा.

काल सोमवारी सकाळी मी सांडलेली भांडी आणायला बागेत गेले. पाय लागलेली भांडी म्हणून कोणी उचलली नव्हती. रात्रभर भात आणि वरण गवतावर पडून होते. रोडग्याचा चुरा पडला तर पाच मिनिटांत मुंग्यांची रांग लागते, इथे तर एवढे अन्न. मुंग्या आल्या होत्या. एकही हलत नव्हती. भाताच्या कडेने काळी किनार काढावी तशा मेल्या होत्या. वेदिकाचे ताट उलटे पडले होते, त्याच्याखालीही तसेच.

मी तिथेच उकिडवी बसले. मग उठून वीट पाहिली, ड्रम पाहिला, आवळीचे कापड सोडले. त्याला बांधल्याची जुनी गोल घडी होती, ड्रमच्या तोंडाएवढी. घरी येऊन नूपुरला विचारले, तू ड्रमवर कापड बांधले होतेस का? ती म्हणाली, कुठलं कापड, आई? मी तिला सांगितले आणि तिने पोटावर हात ठेवला.

रिक्षाने मी पारडीला गेले. जिजाबाईंनी दार उघडले. मला ओळखले असावे, कारण त्यांनी या म्हटले नाही. अनंत आतून म्हणाले, ‘येऊ दे वं, पानी आन काकूले.’ त्यांचा डावा गाल सुजलेला होता. मी बसले नाही. मी विचारले, काहून सांगितलं नाही तुम्ही? मी एरवी ‘काहून’ म्हणत नाही. तेव्हा तेच तोंडात आले.

ते म्हणाले, ‘पहिले तं सांगूनच राहिलो होतो, कोनी ऐकलं नाही. मंग अन्न तं सांडलंच होतं सारं. लेकरं वाचले. आता बोलून काय करू? इथं पोलिसाइले सांगतलं असतं का इच्यात औषध होतं, तं त्यांनी पहिले विचारलं असतं, टाकलं कोनं? ते कापड तुम्ही बांधलं होतं काकू. इषाचा गुन्हा म्हंजे मोठा असते. लाथेचा लहान असते.’

मी म्हटले, मी तुमच्यावर तक्रार दिली होती. ते म्हणाले, ‘तुमाले काय मालूम. चूक माहीबी हाये. चिंधी जुनीच पाह्यजे होती. आमच्या इकडं लाल चिंधी दिसली का लेकरूबी जवळ जात नाही. तुमच्या इकडं पूजा करते, हे माह्या ध्यानात नाही आलं.’

जिजाबाई म्हणाल्या, माझ्या ओटीचा खण होता तो, काकू, मला वाटलं नवं कापड दुरून दिसेल. एवढे बोलून त्या रडायला लागल्या. मग मीही रडले. मॅडम म्हणतात हे लिहिण्याची गरज नाही. माझा आग्रह आहे.

रडणे झाल्यावर मी मनातले एक राहिलेले विचारले. म्हटले, अनंतराव, सांडायचंच होतं तर हाताने सांडायचं होतं. अन्नाला पाय का लावलात? तेवढं एक माझ्या मनातून जात नाही.

ते माझ्याकडे असे बघत राहिले की जणू मी काही अगदीच सोपे विचारले आहे. म्हणाले, ‘हाताले औषध होतं ना, काकू. लेकराइच्या ताटाले कसा लावू?’

यापुढे मला तक्रारीबाबत काही म्हणायचे नाही. ती मागे घेण्याचा अर्ज मी स्वतः टंकून आणला आहे, सोबत जोडला आहे. पुरावा म्हणून लाल कापड एक आणि मेलेल्या मुंग्यांची कागदी पुडी एक, या वस्तू मी हजर करीत आहे. औषध अन्नात कोणामुळे गेले याबद्दल जो काही गुन्हा होत असेल तो माझ्या नावावर लिहावा. मी वर दोन्ही चुका क्रमाने सांगितल्या आहेत. अनंत नेवारे यांच्याबद्दल माझी काहीही तक्रार नाही. जबाबात आभार मानायला रकाना नसतो हे मला एकतीस वर्षे माहीत आहे. तरी मी लिहून देते की चौदा मुले, माझी सून आणि तिच्या पोटातले मूल त्यांच्या पायाने वाचले. मी त्यांची फार फार ऋणी आहे. माझ्या शब्दांना अंत नाही म्हणून इथे थांबते.

एक गोष्ट राहिली. आज सकाळी सात वाजता अनंतराव तिसरे झाड करायला आले. मी बोलावले नव्हते. शिडी रविवारपासून बागेत पडून होती, ती लावून ते चढले. या वेळी ड्रमवर त्यांची जुनी मळकी चिंधी होती आणि ड्रमशेजारी खुर्ची टाकून मी बसले होते. दोन तास उठले नाही. सोसायटीतले कोणी आले की मी हात आडवा करीत होते. सुमंत शिडी धरून उभा होता. झाडाचा शेंडा अजून हिरवा आहे. उन्हाळ्यात नवे कोंब आले तर वाचले म्हणायचे, असे अनंतराव म्हणाले.

ते खाली उतरल्यावर मी त्यांच्या पायाशी वाकले. मी वयाने त्यांच्याहून वीस वर्षांनी मोठी, पण वाकले. ते पटकन मागे सरकले. म्हणाले, ‘हात नका लावू काकू, अजून आंगोळ व्हाची हाये. पायालेबी लागलं हाये औषध.’ त्यामुळे माझा नमस्कार राहून गेला आहे.

आवळीचे जेवण पौर्णिमेपर्यंत चालते. उद्या दि. १३ रोजी आम्ही ते पुन्हा करीत आहोत. पाणी माझ्या घरातल्या नळाचे असेल आणि ते मी भरेन. पहिल्या पंगतीत मुलांसोबत अनंतराव आणि जिजाबाई बसतील. वाढणार सुमंत. करिता या ठाण्यास माझी विनंती आहे की उद्या दुपारी बारा ते दोन या वेळेत अनंत वामनराव नेवारे यांना चौकशीसाठी बोलावू नये. त्या वेळी ते आंघोळ करून आमच्याकडे जेवत असतील, आणि माझे त्यांच्याकडे एक काम राहिले आहे.

वरील जबाब गुंजन मॅडमनी मला मोठ्याने वाचून दाखवला. तो माझ्या सांगण्याप्रमाणे बरोबर आहे. आधीच्या तक्रारीतला ‘पायाने’ हा शब्द खोडू नये. फक्त त्याच्याखाली, त्या वेळी त्यांच्या हाताला औषध होते, एवढी नोंद घालावी.

सही
सुमती केशव चांदूरकर